गाळा सोडण्याआधी ठराव हातात घ्या

वाचकाचं पत्र (थोडं संक्षिप्त करून): काका, आमचं शिवणसाहित्याचं दुकान आहे. अस्तर, लेस, बटणं, दोरे. महापालिकेच्या व्यापारी संकुलातला हा गाळा सासऱ्यांना 1994 मध्ये मिळाला. ते 2015 मध्ये गेले, पाच वर्षांपूर्वी माझे यजमानही गेले. तेव्हापासून दुकान मी बघते, मदतीला एक मुलगी आहे. करार 2016 ला संपला, नवा झालाच नाही, पण भाडं दरमहा भरतो आणि पावती अजून सासऱ्यांच्या नावानेच येते. मागच्या आठवड्यात अठराही गाळ्यांना नोटीस आली: इथे अग्निशमन केंद्र बांधायचं आहे, 15 दिवसांत गाळा रिकामा करून ताबा द्या. नगरसेवक म्हणतात, मंडईजवळ नवं संकुल होतंय, तिथे तुम्हालाच देऊ, काळजी सोडा. संघटना म्हणते, हायकोर्टातून स्टे आणू, गाळ्यामागे 20 हजार काढा. आम्हाला असं काढता येतं का? भरपाई मिळेल का? पैसे भरू का? सासूबाई रोज संध्याकाळी गल्ल्यावर बसतात. त्यांना अजून काहीच सांगितलेलं नाही.

ताई,

मी नोकरीची बरीच वर्षं एका महापालिकेच्या मालमत्ता विभागात काढली. तुमच्या हातात आलाय तसला कागद मी कित्येकदा तयार केला, सहीला ठेवला आणि शिपायाबरोबर जाऊन शटरवर डकवलाही. टेबलाच्या त्या बाजूने हे प्रकरण कसं दिसतं ते मला माहीत आहे, म्हणून मोकळेपणाने लिहितो.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर कडू आहे. हो, काढता येतं. भाडेकरूला कुणी सहजासहजी हलवू शकत नाही असं आपण धरून चालतो, ते महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा 1999 मुळे. पण त्याच कायद्याचं तिसरं कलम सांगतं की सरकारच्या किंवा स्थानिक संस्थेच्या मालकीच्या जागेला तो लागू नाही. समोरच्या खासगी इमारतीतल्या दुकानदाराला जे कवच आहे ते तुमच्या गाळ्याला पहिल्या दिवसापासून नव्हतं. तीस वर्षं भाडं भरलं म्हणून ते तयार होत नाही. 'बारा वर्षं वहिवाट झाली की जागा आपली' हेही कुणी सांगेल, पण जो भाडेकरू म्हणून आत आला आणि पावत्या घेत राहिला त्याला ते म्हणता येत नाही.

उलट महापालिकेकडे स्वतःचा जवळचा रस्ता आहे. महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम, म्हणजे 1949 चा कायदा, त्याचं कलम 81-ब. (मुंबईला 1888 चा वेगळा कायदा आहे, तिथे हेच काम कलम 105-ब करतं.) दोन महिन्यांपेक्षा जास्त भाडं थकलं, परवानगीशिवाय पोटभाडेकरू ठेवला, कराराची अट मोडली, अधिकार संपल्यावरही ताबा ठेवला, किंवा ती जागा महापालिकेला सार्वजनिक हितासाठी हवी आहे, यातलं कुठलंही कारण असलं तर दिवाणी दावा न लावता आयुक्त निष्कासनाचा, म्हणजे जागेतून बाहेर काढण्याचा, आदेश काढू शकतात. तुमच्या बाबतीत शेवटची दोन्ही कारणं लावता येतील, आणि अग्निशमन दल ठेवणं हे तर त्याच कायद्याच्या कलम 63 मध्ये महापालिकेचं बंधनकारक कर्तव्य म्हणून लिहिलेलं आहे. आगीचा बंब शहराच्या मध्यावर उभा असायला हवा की नको, या प्रश्नावर तुम्ही भांडू नये असं मला वाटतं. ते भांडण तुम्ही हराल, आणि गावातल्या माणसांची सहानुभूतीही जाईल.

मात्र केंद्र खरंच होणार आहे ना, एवढं तपासायला हवं. ठराव झालाय का, विकास आराखड्यात ती जागा कशासाठी दाखवली आहे, अंदाजपत्रकात पैसे ठेवलेत का, नकाशा तयार आहे का. माहिती अधिकाराचा अर्ज 10 रुपयांत होतो, पण उत्तराला 30 दिवस लागू शकतात, म्हणून अर्जात 'फाइल समक्ष पाहू द्यावी' अशी विनंतीही करा. केंद्राच्या नावाखाली खाली बंब आणि वर विक्रीची दुकानं असा काही आराखडा निघाला, तर मात्र 'सार्वजनिक हित' या शब्दाला तुम्ही जरूर हरकत घ्या.

आता तुमच्या कागदाकडे येऊ. त्यावर कोणतं कलम लिहिलंय ते आज रात्रीच नीट वाचा. 15 दिवस हा आकडा पाहून मला वाटतं की ती मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम 106 खालची नोटीस असावी. करार संपल्यावरही महापालिका भाडं घेत राहिली की महिना-दर-महिना भाडेकरार चालू आहे असं म्हणायला जागा राहते, आणि असा करार संपवायला 15 दिवसांची नोटीस लागते. त्या कागदाने तुमची भाडेकरी संपते. पण सोळाव्या दिवशी येऊन कुलूप तोडायचा परवाना त्याने मिळत नाही. त्यासाठी 81-ब खाली आधी कारणे दाखवा नोटीस द्यावी लागते, तिच्यात कारण लिहावं लागतं, तुम्हाला लेखी म्हणणं मांडू द्यावं लागतं, वकिलामार्फत हजर राहू द्यावं लागतं. त्यानंतर आदेश, आणि आदेशातही जागा सोडायला एक महिना. त्या आदेशावर जिल्हा न्यायाधीशांकडे एका महिन्याच्या आत अपील करता येतं आणि अपिलात आदेशाला स्थगितीही मागता येते. ते कलम 81-फ. एक महिना म्हणजे एक महिनाच. तिसाव्या दिवशी वकील शोधत फिरणारे लोक मी पाहिले आहेत.

मधल्या काळात कुणी वीज तोडली, दारात राडारोडा टाकला, 'वरून आदेश आहे' म्हणत शटर ओढलं, तर ते बेकायदा आहे. 1961 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बिशन दास विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात हेच सांगितलं. बर्नाला गावात सरकारी जमिनीवर बांधलेली धर्मशाळा आणि दुकानं होती, अधिकाऱ्यांनी नुसत्या प्रशासकीय हुकमाने माणसं बाहेर काढली. जमीन सरकारची आहे हे मान्य, पण कायद्याची वाट न धरता बळाने ताबा घेता येणार नाही, असा तो निकाल. असा प्रसंग आलाच तर आरडाओरडा करू नका. फोटो काढा, तारीख-वेळ लिहा, त्याच दिवशी आयुक्तांच्या नावे अर्ज देऊन आवक शिक्क्याची पोच घ्या.

संघटनेच्या 20 हजारांबद्दल. एकत्र राहा, हे आधी सांगतो. अठरा गाळ्यांनी अठरा वकील करण्यात अर्थ नाही. पण आत्ता थेट हायकोर्टात गेलात तर न्यायालय बहुधा विचारेल, अजून आदेश कुठे झालाय? आणि आदेश झाल्यावर गेलात तर विचारेल, जिल्हा न्यायालयात अपिलाची सोय असताना इथे का आलात? शिवाय नोटिशी वाटल्या की महापालिकेचा विधी विभाग कॅव्हेट दाखल करून ठेवतो, म्हणजे त्यांचं ऐकल्याशिवाय स्टे मिळत नाही. कॅव्हेट 90 दिवस टिकतं. म्हणून आज पैसे काढायचेच असतील तर ते चांगल्या स्थानिक दिवाणी वकिलासाठी काढा. 81-ब ची सुनावणी आणि गरज पडली तर अपील, ही दोन कामं त्याला ठरवून द्या, आणि किती पैसे कशाला ते कागदावर घ्या.

स्टेबद्दल माझं एक मत आहे, ते काही संघटनांना आवडणार नाही. स्टे म्हणजे वेळ. त्या वेळेचं काय करायचं हे ठरलेलं नसेल तर तो फक्त महागात पडतो. जळगाव महापालिकेच्या संकुलांतल्या गाळ्यांचे करार 2012 मध्ये संपले आणि भाडं, थकबाकी, दंड यांचा वाद त्यानंतर वर्षानुवर्षं चालला. ताबा राहतो, पण डोक्यावर मागणीबिल वाढत जातं, बँक कर्ज देत नाही, दुकानाला रंग लावायचीही हिंमत होत नाही.

तुमच्याजवळ खरी ताकद एकच आहे: आत्ता गाळा तुमच्या ताब्यात आहे आणि महापालिकेला तो लवकर हवा आहे. निविदा निघालेली असते, निधी परत जायची भीती असते, वरून फोन येत असतात. या काही आठवड्यांत अधिकारी तुमचं जेवढं ऐकेल तेवढं नंतर कधीच ऐकणार नाही. ही ताकद स्टेवर खर्च करू नका, पर्यायी जागा लेखी मिळवण्यावर खर्च करा.

'लेखी' हा शब्द मी इतका धरून का बसलो, ते सांगतो. आमच्या महापालिकेत रस्त्यासाठी बावीस गाळे पाडायचे होते. साहेबांनी गाळेधारकांना दालनात बोलावलं, चहा दिला, म्हणाले, नवं संकुल झालं की पहिला हक्क तुमचा. ते मनापासून बोलले होते, मी शेजारीच उभा होतो. लोकांनी विश्वासाने चाव्या दिल्या. मी बावीस नावांची यादी करून फाइलला लावली आणि काम झालं असं समजलो. त्या यादीवर ठराव घ्यायला हवा होता, तो मी घेतला नाही, कुणी मागितलाही नाही. सात वर्षांनी संकुल उभं राहिलं तेव्हा साहेबांची बदली होऊन दोन साहेब येऊन गेले होते. लिलावाची जाहिरात निघाली. जुने गाळेधारक आले, एकाच्या हातात त्या चहाच्या दिवशीचा फोटो होता. नवीन साहेबांनी विचारलं, फोटो ठीक आहे, ठराव क्रमांक काय? मी मान खाली घालून उभा राहिलो. त्या बावीस जणांतल्या चौघांना नव्या संकुलात गाळा मिळाला, तोही लिलावात बोली लावून.

यात नव्या साहेबांचाही दोष नव्हता. कलम 79 प्रमाणे महापालिकेची स्थावर मालमत्ता भाडेपट्ट्याने देताना मोबदला चालू बाजारमूल्यापेक्षा कमी ठेवता येत नाही, आणि मंजुरीही लागते. 'तुम्हालाच देऊ' असं नगरसेवक म्हणतात तेव्हा ती वस्तू देण्याचा अधिकार त्यांच्याकडे नसतो. तो महासभेकडे आणि आयुक्तांकडे असतो, निवडणूक झालेली नसेल तर प्रशासकाकडे. म्हणून नगरसेवकांना हात जोडून सांगा, साहेब, शब्द नको, ठराव आणा. त्यांची खरी मदत तिथेच होईल.

ठरावात काय असावं तेही सांगतो, कारण गोडगोड ठराव मी स्वतः लिहिलेले आहेत. 'विस्थापित गाळेधारकांचा सहानुभूतीपूर्वक विचार करण्यात यावा' या वाक्याला काहीही किंमत नाही. अठरा जणांची नावं, गाळा क्रमांक आणि क्षेत्रफळ असलेली यादी ठरावाचा भाग म्हणून जोडलेली हवी. नवी जागा कुठली, किती चौरस फूट, कोणत्या मजल्यावर. तळमजल्यावरचं दुकान सोडून दुसऱ्या मजल्यावर गेलेलं शिवणसाहित्य कोण घ्यायला येणार? भाडं कोणत्या आधाराने ठरणार. तुम्हाला लिलावातून वगळलं आहे की फक्त प्राधान्य दिलं आहे, हे स्पष्ट शब्दांत. आणि नवं संकुल होईपर्यंत तात्पुरत्या शेडची जागा. जुनं भाडं तसंच राहावं असा हट्ट मात्र धरू नका. त्यावर अडून बसलात तर सगळंच अडेल, आणि 1994 च्या दराने शहराची जागा कायम आपल्याकडे राहावी हे न्यायाचंही नाही. भाडं वाजवी असावं एवढं मागा. सार्वजनिक संस्था ही खासगी घरमालकासारखी मनमानी वागू शकत नाही, तिने न्याय्य आणि वाजवी वागलं पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने मुंबई बंदराच्या भाडेकरूंच्या प्रकरणांत, द्वारकादास मर्फतिया खटल्यात 1989 मध्ये, सांगितलं आहे. तुमच्या वकिलांना ही नावं माहीत असतील.

ही मागणी सुनावणीच्या लेखी म्हणण्यातच घाला. 'आम्ही केंद्राच्या विरोधात नाही. आम्हाला अमुक ठिकाणी जागा द्यावी, ती मिळेपर्यंत मुदत द्यावी, बांधकाम टप्प्याटप्प्याने करावं.' असं म्हणणं फाइलवर आलं की अपिलात न्यायाधीशही ते वाचतात. मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांबाबत सर्वोच्च न्यायालयाने 1985 मध्ये दिलेल्या ओल्गा टेलिस निकालापासून उपजीविकेचा हक्क जगण्याच्या हक्कात धरला जातो. त्याने जागेवर कायमचा हक्क मिळत नाही, पण माणसाचं ऐकून, योग्य रीतीने काढावं लागतं.

तुमचा स्वतःचा कच्चा दुवा वेगळा आहे, आणि मला त्याची जास्त काळजी वाटते. कागदावर तुम्ही नाहीच. यादी होईल तेव्हा तिच्यात सासऱ्यांचं नाव येईल, आणि एखादा कारकून शेरा मारेल, 'मूळ गाळेधारक मयत, सध्या अन्य व्यक्तीचा ताबा'. अन्य व्यक्ती म्हणजे अनधिकृत, मग पोटभाडेकरू असल्याचा संशय. हे होऊ देऊ नका. दोघांचे मृत्यू दाखले, वारसांची माहिती, सासूबाईंचं आणि इतर वारसांचं ना हरकत प्रतिज्ञापत्र, 1994 चं वाटपपत्र, जुना करार, अनामत भरल्याची पावती, शेवटच्या काही वर्षांच्या भाडेपावत्या, तुमच्या नावाची वीजबिलं किंवा जीएसटी नोंदणी असेल तर ती, एवढं घेऊन वारस नोंदीचा अर्ज लगेच द्या. या धामधुमीत तो मंजूर होईलच असं नाही. पण सुनावणीच्या आधीच्या तारखेची पोच तुमच्याजवळ असणं हेच मोठं काम आहे. दीर किंवा नणंद असतील तर त्यांच्याशी आजच बोला. नव्या गाळ्याची बातमी पसरली की सह्या मिळणं अवघड होतं.

भाडं भरणं थांबवू नका. संघटनेने 'भाडं बंद' ठरवलं तरी तुम्ही भरा, नाहीतर दोन महिन्यांत महापालिकेच्या हातात आणखी एक कारण जाईल. काउंटरवर घेतलं नाही तर धनाकर्ष (डीडी) आणि पत्र स्पीड पोस्टाने पाठवा. पावतीवर 'भाडे' ऐवजी 'नुकसानभरपाई' असा शब्द आला तर ती पावती वकिलांना दाखवा, तुम्हाला भाडेकरू मानत नाही असं दाखवायला तो शब्द मुद्दाम लिहिलेला असतो.

भरपाईबद्दल मोठी आशा ठेवू नका. 2013 च्या भूसंपादन कायद्यात भाडेकरू आणि तिथे काम करणारी माणसं यांचा विचार केलेला आहे, पण इथे कुणाची जमीन संपादन होतच नाही, जमीन महापालिकेचीच आहे. अनामत रक्कम परत मागायचा हक्क मात्र पक्का आहे. फळ्या, काउंटर, काचेची कपाटं, तुम्ही बसवलेला पोटमाळा, हे सगळं ताबा तुमच्याकडे असेपर्यंत काढून नेता येतं, जागा होती तशी ठेवली म्हणजे झालं. ताबा दिल्यानंतर ते मागायला जाऊ नका, मिळत नाही. ताबा देताना पंचनामा आणि ताबापावती घ्या, तिच्यावर 'पर्यायी जागेचा हक्क अबाधित ठेवून' असे शब्द स्वतःच्या हाताने लिहा आणि मग सही करा. कोऱ्या किंवा 'स्वखुशीने, कोणतीही मागणी नाही' असं छापलेल्या कागदावर सही करायची नाही, कितीही घाई दाखवली तरी. दुकान हलल्यावर जीएसटी नोंदणीतला पत्ता 15 दिवसांत बदलावा लागतो. विजेचं मीटर रीतसर बंद करून त्याची अनामतही परत घ्या.

पुढच्या महिन्यातल्या गिऱ्हाइकांचाही विचार आत्ताच करा. शिंपी आणि ब्लाउज शिवणाऱ्या बायका दुकान कुठे गेलं हे विचारत बसत नाहीत, त्या जवळच्या दुसऱ्या दुकानात जातात. रोजच्या गिऱ्हाइकांचे फोन नंबर मदतीच्या मुलीला आजपासून वहीत लिहायला सांगा.

आणि सासूबाईंना सांगा. आजच, दुकान बंद करून घरी गेल्यावर, तुमच्याच तोंडून. शेजारच्या गाळ्यावरून त्यांच्या कानावर गेलं तर तो धक्का वेगळा असेल. वारसांच्या अर्जावर त्यांची सही लागणारच आहे. शिवाय 1994 चं वाटपपत्र तुम्हाला दुकानाच्या फायलीत सापडणार नाही, असा माझा अंदाज आहे. त्या पिढीने असे कागद घरी ठेवले, पेटीत, साडीच्या घडीखाली. ते कुठे आहे ते त्यांनाच माहीत असेल.